मुंबईला अपील, पुण्याला तारीख

लोकांच्या घरात देव असतात, आमच्या घरात दोन कोर्टं होती. एक पुण्याचं, एक मुंबईचं. पुण्याच्या कोर्टाला विचारावं, आमचं काय झालं, तर ते मुंबईकडे बोट दाखवायचं. मुंबईचं कोर्ट इतकं मोठं की त्याला काही विचारायची सोयच नव्हती. लग्नाच्या पंगतीत दोन व्याही "आधी आपण", "छे छे, आधी आपण" करत उभे राहतात आणि पानातला वरणभात गार होतो, तसला प्रकार. आमच्याकडे गार होत होता तो माझा नवरा, एवढाच फरक.

हे नगर रस्त्यावरच्या एका कारखान्यात डाय-मेकर होते. डाय म्हणजे पोलादाचा साचा. त्यात पत्रा दाबला की स्कूटरचा एखादा भाग आकार घेऊन बाहेर पडतो. साचा केसभर चुकला तर पुढचा सगळा माल भंगारात, म्हणून या लोकांना कारखान्यात मान असतो आणि घरच्यांना त्यांचा जाच असतो. आमच्याकडे पोळपाट सपाट नाही म्हणून दुकानात परत गेलेला आहे. मी शाळेत शिवण शिकवायचे, म्हणजे माझीही नजर काही अगदीच कच्ची नव्हती. पण माझी शिलाई हे भिंगातून बघायचे आणि "ठीक आहे" म्हणायचे. त्या "ठीक आहे"वरून आमची दोन दोन दिवस बोलाचाली बंद असायची.

मग देशाची दारं उघडली. बाहेरच्या गाड्या येणार, आता आपलं कसं होणार, म्हणून सगळे मालक दचकले. आमच्या मालकांनी दचकून काय करावं, तर टाय लावलेले दोन तरुण साहेब आणले आणि त्यांच्या हातात स्टॉपवॉच दिली. कामगार कुठल्या कामाला किती वेळ लावतो ते मोजायचं. एके दिवशी हे लघवीला निघाले, तर त्यातला एक साहेब घड्याळ घेऊन मुतारीच्या दारापर्यंत मागे. हे थांबले, वळले आणि अतिशय नम्रपणे म्हणाले, "आपणही आत या ना. बाहेरून मोजलं तर अचूक यायचं नाही."

अख्खा विभाग हसला म्हणे. पुण्याचा माणूस एकदम आदरानं बोलायला लागला की समोरच्यानं सावध व्हावं, हे त्या बिचाऱ्याला कुठल्या मॅनेजमेंट कॉलेजात शिकवलेलं नव्हतं. पण आपली शोभा झाली एवढं त्याला कळलं. चौकशी बसली. चौकशीत यांना विचारलं, आपण असं म्हणालात का? हे म्हणाले, "म्हणालो. आणि माझं मत अजून तेच आहे." एक सॉरी म्हटलं असतं तर मिटलं असतं, पण सॉरी म्हणतील तर ते आमचे हे कसले. वरिष्ठांचा अपमान आणि शिस्तभंग, असं कारण देऊन यांना काढून टाकलं.

आता या कोर्टांचं थोडं सांगते, कंटाळू नका, मी अठरा वर्षं कंटाळले आहे. युनियननं यांचं भांडण पुण्याच्या औद्योगिक न्यायाधिकरणात नेलं. न्यायाधिकरण म्हणजे कामगार आणि मालक यांच्या तंट्यांचं कोर्टच. त्या कोर्टानं आधी एक तात्पुरता हुकूम दिला की खटल्याचा निकाल लागेपर्यंत या माणसाला कामावर घ्या. आम्ही पेढे वाटले. पेढे लोकांच्या तोंडात असतानाच कंपनी मुंबईला वरच्या कोर्टात गेली आणि त्या हुकमाविरुद्ध अपील करून स्थगिती घेऊन आली. म्हणजे मूळ भांडण पुण्याला आणि तात्पुरत्या हुकमाचं भांडण मुंबईला. पुण्यात तारीख पडली की कोणीतरी उठून सांगायचं, "साहेब, अपील मुंबईला प्रलंबित आहे, कागद तिकडे गेलेत." की पुढची तारीख. सगळे आपापल्या पिशव्या उचलून घरी.

यांचं मागणं फार मोठं नव्हतं. कारखान्यात निवृत्तीचं वय अठ्ठावन्न. त्याच्या आत एकदा गेटातून कामगार म्हणून आत जायचं, आपल्या कामाच्या बाकापाशी उभं राहायचं आणि साच्याला हात घालायचा. "एक दिवस मिळाला तरी पुरे," म्हणायचे. काढलं तेव्हा यांची चाळिशी नुकतीच ओलांडली होती, त्यामुळे अठ्ठावन्न म्हणजे कुठल्या कुठे वाटायचं.

आमचे वकील सज्जन माणूस. कुठल्याही प्रश्नाला "काळजी नसावी" हे त्यांचं उत्तर होतं, आणि ते ऐकलं की मला हमखास काळजी लागायची. त्यांनी पहिल्याच भेटीत यांना बजावलं, "निकाल लागेपर्यंत कुठेही काम करायचं नाही. काम करताना दिसायचंसुद्धा नाही. उद्या साक्षीच्या वेळी समोरचा वकील विचारणार, इतके दिवस काय करत होतात? काही करत होतात असं निघालं की तो म्हणणार, बघा, यांचं उत्तम चाललंय, यांना कशाला परत घ्यायचं? आपलं उत्तर एकच. काहीही नाही."

वकिलांनी सांगितलं एका मापानं, यांनी ऐकलं डाय-मेकरच्या मापानं. केसभर चूक नाही. माझ्या भावाचं नारायण पेठेत वह्या-पेनांचं दुकान आहे. भाऊ बिचारा म्हणाला, जावईबापू, घरी बसून काय करता, दुपारचे दुकानात येऊन गप्पा मारत बसा. हे जायचे, पण गल्ल्याच्या बाजूला पाऊल टाकायचे नाहीत. गिऱ्हाईकांच्या बाजूला स्टुलावर बसायचे. कोणी विचारलं, "काका, दोनशे पानी वही आहे का?" की हे म्हणायचे, "मला माहीत नाही. माझा या दुकानाशी संबंध नाही." भावाचं गिऱ्हाईक तुटायला लागलं. शेवटी त्यानंच हात जोडले.

मी म्हणायचे, अहो, कंपनीला दुसरे उद्योग नाहीत का, तुमच्या मागावर माणूस ठेवायला? आणि मी तोंडघशी पडले. वर्षाचा कांदा घ्यायला आम्ही मार्केट यार्डात गेलो होतो. रिक्षावाला आत यायला तयार होईना, म्हणून यांनी गोणी खांद्यावर टाकली आणि फाटकापर्यंत आणली. पुढच्या तारखेला कंपनीच्या वकिलानं कोर्टात फोटो दाखल केला. फोटोत हे, खांद्यावर गोणी, डोक्याला रुमाल, तोंड घामेजलेलं. खाली लिहिलेलं की सदर इसम मार्केट यार्डात हमाली करतो. मी मागे रिक्षावाल्याशी हुज्जत घालत होते, मला बरोबर कापलेलं.

आमच्या वकिलांनी मला हळूच विचारलं, "वहिनी, कांदा कुठे आहे?" म्हटलं, "खाल्ला." आणि वर सांगितलं, मार्केट यार्डात बिल्ला नसताना हमाली करून दाखवा म्हणावं तुमच्या त्या फोटोवाल्याला, तिथले हमाल त्यालाच उचलून बाहेर ठेवतील. वकिलांनी हे जरा बऱ्या भाषेत लिहून दिलं. फोटो काही टिकला नाही, पण यांच्या डोक्यात तो कायमचा टिकला.

त्या दिवसापासून यांनी घराबाहेर वस्तू उचलणं सोडलं. कुठलीही वस्तू. लक्ष्मी रस्त्यानं आम्ही चाललो की माझ्या दोन्ही हातांत पिशव्या, आणि हे शेजारी हात मागे बांधून, पाहणी दौऱ्यावर आल्यासारखे. समोरच्या काकू एकदा म्हणाल्या, "नशीबवान हो तुम्ही, यजमान अगदी संस्थानिक दिसतात." म्हटलं, "हो ना. फक्त संस्थान खालसा झालंय." त्यानंतर काकूंनी माझ्याशी फक्त पाण्याच्या वेळेबद्दल बोलायचं ठेवलं.

हे सगळं मी हसत सांगते, कारण हसले नसते तर मी त्या वकिलाचं टेबल उलटं केलं असतं. पण एका वर्षीच्या गणपतीत मात्र माझं हसू थांबलं. आमच्या मंडळाचा हलता देखावा होता. राक्षसाचा हात वर जायचा आणि देवीच्या भाल्यापाशी येऊन अडकायचा, रोज. कार्यकर्ते यांच्याकडे आले. हे म्हणाले, "मी बघीन, हात लावणार नाही." मांडवात गेले, यंत्रापाशी उभे राहिले आणि तोंडानं सांगायला लागले, तो दाता झिजलाय, तो दट्ट्या जरा सैल कर, तो नाही रे, शेजारचा. कार्यकर्त्यांना काही कळेना. मी मागे उभी होते. यांनी हात पाठीमागे घट्ट धरले होते आणि त्या हातांची बोटं हलत होती. हवेतल्या हवेत ते दट्ट्या सैल करत होते. मला तेव्हा पहिल्यांदा भीती वाटली. राक्षसाचा हात त्या वर्षी अनंत चतुर्दशीपर्यंत अडकतच राहिला.

यांचा एक जुना जोडीदार होता, शेजारच्या बाकावरचा. त्यानं वेळीच स्वेच्छानिवृत्ती घेतली आणि भोसरीत छोटं वर्कशॉप टाकलं. बाहेरच्या कंपन्यांना साचे लागत होते, त्याचं बरं चाललं. तो घरी आला, माझ्या हातचे पोहे खाल्ले आणि म्हणाला, "तू ये माझ्याकडे. कागदावर नाव नको, काही नको. मागच्या दारानं ये, मागच्या दारानं जा, कोणाच्या बापाला कळणार नाही."

हे म्हणाले, "मला पुढच्या दारानं काढलंय. मी पुढच्याच दारानं आत जाणार."

जोडीदार गेल्यावर मी भांडले. घसा बसेपर्यंत भांडले. म्हटलं, "अहो, ते कोर्ट तुमची आठवण काढत बसलंय का? तो माणूस घरी येऊन काम देतोय."

"अगं, अपिलाचा निकाल आला की झालं. वर्ष-सहा महिन्यांचा प्रश्न आहे."

"हे वाक्य तुम्ही आपली पोरगी दुसरीत असताना म्हणाला होतात. आता ती बारावीला आहे."

यावर ते उठले आणि पोळपाटावर फूटपट्टी उभी धरून सपाटी बघायला लागले. घरात काम केलेलं चालत होतं, त्याला साक्षीदार नव्हता. मी स्वयंपाकघराचं दार लावून घेतलं.

पोरगी इंजिनियर झाली आणि खराडीला एका सॉफ्टवेअर कंपनीत लागली. पूर्वी ज्या रस्त्यानं हे कारखान्याच्या बसनं जायचे, त्याच रस्त्यानं ती एसी बसमधून जायला लागली, कानात वायरी घालून. ती बापाला म्हणायची, "बाबा, लेट गो ना. आमच्याकडे लोक दोन वर्षांत तीन कंपन्या स्विच करतात."

"तुला उद्या काढलं तर कुठल्या कोर्टात जाशील?" यांनी विचारलं.

"कोर्टात कशाला? रेझ्युमे अपडेट करीन."

यांनी पेपर तोंडासमोर धरला. मला वाटलं चिडले. पण जेवताना म्हणाले, "सोपं आहे या पोरांचं. यांना कोणी काढलंय हे यांना कळतच नाही." ते हसत नव्हते. पोरीचा त्यांना फार अभिमान होता, आणि ती दुपारी कामावर असताना आपण घरी बसतो म्हणून त्यांना आतून कुठेतरी दुखायचं, हेही मला दिसायचं.

असं करत करत अठ्ठावन्न जवळ आलं, आणि मुंबईचं अपील एकदाचं बोर्डावर लागलं. पहाटेच्या गाडीनं आम्ही दोघं गेलो. यांनी आदल्या दिवशी शर्टाला स्वतः इस्त्री केली होती, कॉलर तर अशी की कापली असती. कोर्टाची इमारत बघून मी मनात म्हटलं, एवढ्या उंच छताखाली आपलं मुतारीचं प्रकरण चालणार, देवा, काय थाट आहे.

आमचा नंबर दुपारी आला. दोन्हीकडचे वकील उभे राहिले. आमचे वकील घसा साफ करत होते, तेवढ्यात न्यायमूर्तींनी विचारलं, "मूळ खटला पुण्याला अजून चालू आहे का?"

दोन्ही वकील एका सुरात म्हणाले, हो. आयुष्यात पहिल्यांदा त्यांचं एकमत झालेलं मी पाहिलं.

"मग आपण इथे काय करतोय? तात्पुरत्या हुकमावर आता भांडून उपयोग काय? मूळ भांडणाचाच निकाल लावा. पुण्याच्या न्यायाधिकरणानं लवकर लावावा. या अपिलात काही उरलेलं नाही." असं म्हणून अपील निकालात काढलं. फाईल मिटली, पुढची उघडली. मी पर्समधून चष्मा काढत होते, तो डोळ्यांवर चढेपर्यंत आमचं संपलं होतं.

कॅन्टीनमध्ये मी वकिलांना विचारलं, "म्हणजे आपण हरलो की जिंकलो?"

"दोन्ही नाही, वहिनी. अपील निरर्थक ठरलं."

"निरर्थक तर ते पहिल्या दिवसापासून होतं. एवढं बोलायला त्यांना इतकी वर्षं लागली? मला विचारायचं होतंत, मी घरबसल्या सांगितलं असतं."

"काळजी नसावी," वकील म्हणाले. मी माझा वडा बशीत तसाच ठेवला.

 परतीच्या गाडीत घाट लागला तेव्हा हे म्हणाले, "पुणं मुंबईसाठी थांबलं होतं आणि मुंबईनं सांगितलं पुण्याला विचारा. मग मी कोणासाठी थांबलो होतो?" मी खिडकीकडे तोंड केलं. मला भयंकर राग आला होता आणि तो नेमका कोणावर काढायचा ते समजत नव्हतं. कंपनीवर, कोर्टांवर, यांच्यावर, सगळ्यांवर.

आता पुण्याच्या कोर्टाला बोट दाखवायला जागा उरली नाही. भराभर तारखा पडायला लागल्या. पुढे निकाल आमच्या बाजूनं लागला, काढणं बेकायदा ठरलं. पण तोवर हे अठ्ठावन्न ओलांडून गेले होते आणि कारखाना मशिनरीसकट दुसऱ्या राज्यात गेला होता. नातेवाईक अजून म्हणतात, शेवटी जिंकलात की हो. म्हणू देत. मला सांगायचं आहे ते निकालाचं नाही, साक्षीचं आहे.

साक्षीच्या दिवशी हे पिंजऱ्यात उभे होते आणि मी मागच्या बाकावर. कंपनीचा वकील नवा होता, पोरगेलासा, पण तयारीचा. त्यानं विचारायला सुरुवात केली.

"आपण मेहुण्याच्या दुकानात बसत होतात?"

"गिऱ्हाईकाच्या बाजूला. काम केलं नाही."

"घरी काही वस्तू बनवून विकल्यात?"

"नाही."

"आपल्या मित्राचं भोसरीला वर्कशॉप आहे. तिथे कधी गेलात?"

"नाही."

"कोणाचं यंत्र दुरुस्त करून दिलंत? मंडळाचं, शेजाऱ्यांचं?"

"नाही."

प्रत्येक "नाही" आधीच्यापेक्षा हळू येत होतं. टाइप करणाऱ्या बाई दोनदा म्हणाल्या, जरा मोठ्यानं बोला. आमचे वकील मात्र खुलले होते. माझ्याकडे वळून त्यांनी मान डोलावली, गाण्याच्या बैठकीत डोलावतात तशी.

"मग इतकी वर्षं आपण केलंत तरी काय?"

 हे म्हणाले, "काहीही नाही."

साक्ष संपली. बाईंनी कागद काढला आणि सही घेण्याआधी रीतीप्रमाणे मोठ्यानं वाचून दाखवला. मला कामावरून काढल्यापासून आजपर्यंत मी कोणतेही काम केलेले नाही. मला कोणतेही काम मिळालेले नाही. मी कोणतेही काम मागितलेले नाही. बाईंचा आवाज स्वच्छ, एकेक शब्द सुटा. अख्ख्या कोर्टानं ऐकलं. सगळं खरं होतं, एकही शब्द खोटा नव्हता, आणि मला वाटलं, कोणीतरी माझ्या माणसाला भर बाजारात शिव्या देतंय. मला रडू फुटलं. मी पदर तोंडात धरला.

वकिलांनी पेन पुढे केलं. यांनी तो कागद स्वतः पुन्हा वाचला, सावकाश, आणि सही केली. सही करून पेन खाली ठेवलं, पण पिंजऱ्यातून उतरेनात. न्यायाधीशांनी वर पाहिलं.

"साहेब," हे म्हणाले, "पण मला काम येतं. ते कुठे लिहायचं?"

न्यायाधीशांनी आधी बाईंकडे पाहिलं, मग आमच्या वकिलांकडे. माणूस वाईट नव्हता. "ते आपल्याला विचारलेलं नाही," ते हळू आवाजात म्हणाले. शिपायानं पुढच्या खटल्याचा पुकारा केला. पुढचे पक्षकार आत आले, त्यांचे वकील आले, आणि हे अजून तिथेच उभे, कोणीतरी उत्तर देईल म्हणून. मी उठले, पुढे गेले आणि त्यांचा हात धरून त्यांना खाली उतरवलं. पोलाद घासून घासून ज्या हाताला रेशमी कापड अडकायचं, तो हात माझ्या हातापेक्षा मऊ झाला होता.